निवृत्त अधिकाऱ्यावर भ्रष्टाचाराचा खटला: परवानगी कोण देतो, किती दिवसांत, आणि आपण काय करायचं

मागच्या उन्हाळ्यात तहसीलसमोरच्या लिंबाखाली एक काकाजी भेटले. हातात बियाण्याची जुनी कापडी पिशवी, आत कागदांची गुंडाळी, वर सुतळी बांधलेली. त्यांच्या सातबाऱ्यावर विहिरीची नोंद होती. मी दुसऱ्या दिवशी शेतात जाऊन पाहिलं. बांधाला लागून कमरेएवढा खड्डा होता, त्यात बोराटीच्या काट्या आणि वाळून भेगाळलेला गाळ. कागदावर मात्र ती रोजगार हमीची विहीर बांधून पूर्ण झालेली होती. मोजमाप पुस्तिकेत खोली लिहिलेली, मस्टर भरलेलं, सामानाचं बिल निघालेलं. मस्टरवरची दोन माणसं त्या महिन्यात गावातच नव्हती, पुण्याला कामाला होती.

काकाजी म्हणाले, "भाऊ, ज्या इंजिनेरनं हे लिवलं तो तं रिटायर झाला. आता त्याले कोन हात लावते?"

हा प्रश्न मला वर्षातून चार-पाच वेळा तरी ऐकू येतो. उत्तर असं, की निवृत्त माणसावर भ्रष्टाचाराचा खटला चालतो. पेन्शन सुरू झाली म्हणून गुन्हा मिटत नाही. पण कोर्टाने खटल्याची दखल घेण्याआधी आता एक परवानगी लागते आणि आपल्या विदर्भातली बरीच प्रकरणं त्याच टेबलावर वर्षानुवर्षं पडून राहतात. ज्यांना या वाटेची काहीच माहिती नाही, त्यांच्यासाठी हे लिहितो आहे.

आधी कायदा कुठे बदलला ते पाहू

भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा १९८८ चा. त्याच्या कलम १९ मध्ये ही परवानगी आहे, सरकारी भाषेत तिला अभियोग मंजुरी म्हणतात. पूर्वी ती फक्त पदावर असलेल्या माणसासाठी लागायची. आपल्या राज्याचंच उदाहरण द्यायचं तर अंतुले यांच्या खटल्यात १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की ज्या पदाचा गैरवापर झाला ते पद कोर्टाने दखल घेतली त्या दिवशी माणसाकडे नसेल, तर परवानगीची गरज नाही. त्यांनी मुख्यमंत्रिपद १९८२ मध्येच सोडलं होतं. पुढची तीसेक वर्षं हाच नियम चालला.

२६ जुलै २०१८ पासून हे बदललं. त्या दिवशी लागू झालेल्या दुरुस्तीने कलम १९ मध्ये निवृत्त आणि पद सोडलेली माणसंही आणली. गुन्हा घडला तेव्हा जो नोकरीत होता, त्याला हे संरक्षण आता निवृत्तीनंतरही आहे. कलम ७ (लाच), कलम ११, कलम १३ (अपहार आणि बेहिशेबी मालमत्ता) आणि कलम १५ या गुन्ह्यांना ते लागू होतं.

गुन्हा २०१८ च्या आधीचा आणि खटला नंतरचा असेल, तर परवानगी लागते की नाही यावर आरोपीचे वकील हमखास भांडतात. अशा प्रकरणात तपास अधिकाऱ्याने परवानगी घेऊनच पुढे जाणं बरं, आणि तसं त्यांना लेखी सुचवावं. मूळ गुन्ह्याला कलमं मात्र गुन्हा घडला त्या वेळचीच लागतात.

या संरक्षणाला माझा मुळातून विरोध नाही. दुष्काळात टँकरची मंजुरी एका रात्रीत देणारा प्रामाणिक तहसीलदार मी पाहिला आहे. निवृत्त झाल्यावर त्याने प्रत्येक सहीसाठी कोर्टाच्या पायऱ्या झिजवाव्यात, असं कोणालाच वाटणार नाही. राग आहे तो फाइल दाबून ठेवण्यावर. आरोपी वारला की खटला तिथेच संपतो. राज्य सरकारचे बहुतेक कर्मचारी ५८ व्या वर्षी निवृत्त होतात, त्यानंतर पाच-सात वर्षं फाइल फिरली की पंच थकतात, साक्षीदार गाव सोडून जातात, मस्टरला वाळवी लागते.

पहिलं काम: तेव्हाचं पद शोधा

एक वही घ्या आणि पहिल्या पानावर लिहा: गुन्हा कोणत्या तारखेचा, आणि त्या तारखेला तो माणूस कोणत्या पदावर, कोणत्या कार्यालयात होता. आज तो कोण आहे किंवा निवृत्त होताना कोण होता, हे इथे कामाचं नाही. कलम १९ च्या पोटकलम २ मध्ये स्पष्ट आहे, की परवानगी कोणी द्यायची याबद्दल शंका आली, तर गुन्हा घडला त्या वेळी ज्याला त्या माणसाला पदावरून काढून टाकण्याचा अधिकार होता, त्यानेच ती द्यायची.

काकाजींच्या प्रकरणात हेच महत्त्वाचं ठरलं. मोजमाप लिहिलं तेव्हा तो जिल्हा परिषदेत कनिष्ठ अभियंता होता. पुढे बढती मिळाली, बदली झाली आणि उपअभियंता म्हणून दुसऱ्या जिल्ह्यातून तो निवृत्त झाला. निवृत्तीच्या पदाकडे पाहून फाइल पाठवली असती तर ती मंत्रालयात गेली असती. तेव्हाच्या पदाकडे पाहिलं तर ती आपल्याच जिल्हा परिषदेच्या मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांकडे जाते. चुकीच्या अधिकाऱ्याने दिलेली परवानगी पुढे कोर्टात टिकत नाही, आणि तोवर चार वर्षं गेलेली असतात. सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये कर्नाटकातल्या नंजप्पा प्रकरणात सांगितलं, की परवानगीच अवैध असेल तर तो खटलाच वैध राहत नाही, मग योग्य परवानगी घेऊन सगळं नव्याने सुरू करावं लागतं. सत्तरीच्या फिर्यादीने पुन्हा पहिल्यापासून साक्ष द्यायची, याचा विचार करा.

आपल्या गावपातळीवर साधारण असं असतं. ग्रामसेवक आणि जिल्हा परिषदेचे वर्ग ३ चे कर्मचारी मुख्य कार्यकारी अधिकाऱ्यांच्या अखत्यारीत येतात. (ग्रामसेवकाला आता ग्रामपंचायत अधिकारी आणि तलाठ्याला ग्राम महसूल अधिकारी म्हणतात, पण जुन्या कागदांवर जुनी नावंच सापडतील.) तलाठ्यासाठी महसूल खात्यातला त्याची नेमणूक करणारा अधिकारी. राजपत्रित अधिकारी असेल तर फाइल बहुधा मंत्रालयातल्या त्याच्या विभागाकडे जाते. सरपंचही या कायद्याखाली लोकसेवकच आहे. ग्रामपंचायत कायद्याच्या कलम ३९ नुसार त्याला पदावरून काढण्याचा अधिकार विभागीय आयुक्तांकडे आहे, म्हणजे आपल्याकडे नागपूर किंवा अमरावती. नेमणुकीचा आणि बदलीचा आदेश माहिती अधिकारात मागून घ्या, ऐकीव माहितीवर जाऊ नका.

ठेकेदाराला हे संरक्षण नाही. तो लोकसेवक नाही, त्याच्यावरच्या खटल्याला परवानगी लागत नाही.

तक्रार: कुठे आणि कशी

तक्रार लाचलुचपत प्रतिबंधक विभागाकडे करायची. प्रत्येक जिल्ह्याच्या ठिकाणी त्यांचं कार्यालय आहे, टोल फ्री क्रमांक १०६४. नागपूर परिक्षेत्रात नागपूर, वर्धा, भंडारा, गोंदिया, चंद्रपूर आणि गडचिरोली येतात. अमरावती परिक्षेत्रात अमरावती, अकोला, यवतमाळ, वाशीम आणि बुलडाणा. फोन करा, पण जुन्या प्रकरणात फोनवर थांबू नका. लेखी अर्ज द्या आणि आपल्या प्रतीवर शिक्का, सही आणि आवक क्रमांक घेतल्याशिवाय तिथून उठू नका.

अर्जात राग लिहू नका. "सगळे मिळून खाल्ले" या वाक्याचा तपासाला काडीचा उपयोग होत नाही. कोणती विहीर, कोणता गट नंबर, मोजमाप पुस्तिकेचं कोणतं पान, कोणत्या तारखेची सही, मस्टर क्रमांक कोणता, त्यातली कोण माणसं गावात नव्हती, हे लिहा. काकाजींचा पहिला अर्ज सात पानांचा होता, त्यात गावातली जुनी भांडणंही होती. आम्ही तो दीड पानावर आणला. खड्ड्याचा फोटो काढताना शेजारी टेप धरला, पाठीमागे ओळखू येईल असा बांध घेतला आणि गावातल्या दोन माणसांच्या सह्या घेतल्या.

तुम्ही स्वतः पैसे दिले असतील तर एक गोष्ट नीट समजून घ्या. २०१८ नंतर लाच देणं हाही थेट गुन्हा आहे. जबरदस्तीने द्यावी लागली असेल तर ७ दिवसांच्या आत पोलिसांना किंवा तपास यंत्रणेला कळवणाऱ्याला त्यातून सूट आहे. तीन वर्षांनी, साहेब निवृत्त झाल्यावर "मी पन्नास हजार दिले होते" असं अर्जात लिहाल तर स्वतःच अडकाल. अशा वेळी आधी वकिलाशी बोला.

चौकशीलाच लागणारी वेगळी मंजुरी

इथे बहुतेकांची गल्लत होते. कलम १९ ची परवानगी खटल्यासाठी आहे. त्याच्याही आधी २०१८ पासून कलम १७अ आलं आहे. अधिकाऱ्याने पदाच्या कामात घेतलेला निर्णय किंवा केलेली शिफारस यातून गुन्हा घडल्याचा आरोप असेल, तर पोलिसांना चौकशी किंवा तपास सुरू करण्यासाठीच आधी मंजुरी घ्यावी लागते. निवृत्तांनाही हे लागू आहे. मुदत ३ महिन्यांची, कारणं लेखी देऊन आणखी १ महिना. सापळा लावून जागेवर पकडलं असेल तर ही मंजुरी लागत नाही.

बिल पास केलं, मोजमाप मंजूर केलं, अशा प्रकरणात लाचलुचपत विभाग आधी १७अ खाली पत्र पाठवतो. तीन-चार महिने काहीच हललं नाही असं वाटलं तर "माझी तक्रार दाबली" असं धरून बसू नका. १७अ चा प्रस्ताव गेला का, कोणत्या जावक क्रमांकाने गेला, हे विचारा.

प्रस्ताव पोचला, आता दिवस मोजा

तपास संपला की पंचनामे, जबाब, तज्ज्ञांचे अहवाल आणि सगळ्याचा सार घेऊन प्रस्ताव सक्षम अधिकाऱ्याकडे, म्हणजे परवानगी द्यायचा अधिकार ज्याला आहे त्याच्याकडे जातो. त्या अधिकाऱ्याने खटला चालवायचा नसतो. माणूस दोषी की निर्दोष हे त्याने ठरवायचं नाही. समोरच्या कागदांवरून गुन्हा दिसतो का, एवढंच पाहायचं असतं आणि आपण काय पाहिलं ते आदेशात दिसलं पाहिजे. लाचलुचपतने पाठवलेल्या मसुद्यावर नुसती सही ठोकली तर आरोपीचा वकील त्यालाच धरून बसतो.

या निर्णयाला ३ महिन्यांची मुदत आहे. कायदेशीर सल्ला घ्यायचा असेल तर कारणं लिहून आणखी १ महिना. कलमाची भाषा "प्रयत्न करावा" अशी मवाळ आहे, पण ११ ऑक्टोबर २०२२ रोजी विजय राजमोहन प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं, की ही चार महिन्यांची मुदत बंधनकारक आहे. मुदत टळली म्हणून खटला रद्द होत नाही. मात्र उशिराला सक्षम अधिकारी जबाबदार, आणि ज्याला उशिराची झळ बसते त्याने उच्च न्यायालयात दाद मागावी. म्हणजे आपल्याला नागपूर खंडपीठ.

म्हणून वहीच्या दुसऱ्या पानावर एकच तारीख मोठ्या अक्षरात लिहा: प्रस्ताव सक्षम अधिकाऱ्याच्या कार्यालयात पोचल्याची तारीख. ती तोंडी कोणी सांगत नाही. माहिती अधिकाराचा अर्ज करा, जोडपत्र अ या ठरलेल्या नमुन्यात, १० रुपयांचं कोर्ट फी स्टॅम्प लावून. महाराष्ट्रात अर्ज एकाच विषयावर आणि १५० शब्दांत हवा. अर्ज परवानगी देणाऱ्या कार्यालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्याला द्या आणि एवढंच विचारा:

"अमुक गुन्हा क्रमांकाच्या प्रकरणात अभियोग मंजुरीचा प्रस्ताव आपल्या कार्यालयात कोणत्या आवक क्रमांकाने व दिनांकास प्राप्त झाला, आज तो कोणत्या अधिकाऱ्याकडे प्रलंबित आहे, मुदत वाढवली असल्यास त्याची लेखी कारणे, आणि निर्णय झाला असल्यास त्याची प्रत मिळावी."

जबाब, पुरावे, तपासाचे कागद मागू नका. तपासाला बाधा येईल म्हणून ते नाकारता येतात, आणि त्यांच्याबरोबर तुमची तारीखही नाकारली जाते. आवक क्रमांक आणि तारीख सांगितल्याने कोणत्याच तपासाला बाधा येत नाही. ३० दिवसांत उत्तर नाही आलं तर पुढच्या ३० दिवसांत २० रुपयांच्या स्टॅम्पवर पहिलं अपील, आणि तिथेही काही नाही झालं तर राज्य माहिती आयोगाचं नागपूर किंवा अमरावती खंडपीठ.

काकाजींच्या अर्जाला पहिलं उत्तर आलं, "माहिती गोपनीय आहे." अपिलाच्या सुनावणीला आम्ही दोघं सकाळच्या एस.टी.ने गेलो. काकाजींनी अधिकाऱ्यांना एकच विचारलं, "साहेब, माह्या विहिरीची फाइल तुमच्याकडं कवा आली, एवढंच सांगा." आठ दिवसांत आवक क्रमांक आणि तारीख टपालाने घरी आली.

दुसरी एक परवानगी

खोटी कागदपत्रं, फसवणूक अशी इतर कलमंही लावली असतील तर भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम २१८ पाहावं लागतं. आधीचं फौजदारी संहितेचं कलम १९७ म्हणजे हेच. निवृत्तांना ते पूर्वीपासूनच लागू होतं. पण ज्यांना पदावरून काढायला सरकारचीच मंजुरी लागते त्यांच्यासाठीच ते आहे, आणि कृत्य कर्तव्याशी जोडलेलं असलं पाहिजे. खोटं मस्टर भरणं हे कोणाचं सरकारी कर्तव्य नाही, असाच सूर सर्वोच्च न्यायालयाच्या १९९७ च्या एका निकालाचा आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या नव्या संहितेत सरकारने १२० दिवसांत निर्णय घेतला नाही तर परवानगी मिळाली असं धरलं जातं. भ्रष्टाचार कायद्याच्या कलम १९ मध्ये अशी सोय नाही. ती असायला हवी असं माझं ठाम मत आहे.

पोलीसच गुन्हा नोंदवत नसतील तर

सामान्य माणूस थेट परवानगी मागू शकतो का? २०१२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो हक्क मान्य केला. २०१८ च्या दुरुस्तीने त्याला अट घातली: आधी जिल्ह्याच्या विशेष न्यायाधीशांसमोर खाजगी फिर्याद दाखल करा, कोर्टाने ती फेटाळली नाही आणि परवानगी आणायला सांगितलं, तरच तुमचा अर्ज सक्षम अधिकाऱ्याकडे चालतो. या वाटेने गेलात तर निर्णयाआधी त्या निवृत्त अधिकाऱ्यालाही आपलं म्हणणं मांडायची संधी द्यावी लागते. ही वाट लांबची आहे, वकिलाशिवाय धरू नका. पैसे नसतील तर तालुका विधी सेवा समितीत चौकशी करा. महिला, अनुसूचित जाती-जमाती, अपंग आणि कमी उत्पन्नाच्या माणसाला मोफत वकील मिळतो.

परवानगी नाकारली तर आदेशाची प्रत मागा. कारणं न देता नाकारलेली परवानगी उच्च न्यायालयात आव्हान द्यायला सोपी असते. तोच अधिकारी निर्णय बदलू शकतो, पण त्यासाठी नवा पुरावा लागतो. त्याच कागदांवर पुन्हा विचार करता येत नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सांगितलं आहे.

पेन्शनचं काय, हे गावात सगळे विचारतात. विभागीय चौकशी हा वेगळा रस्ता आहे. निवृत्तीनंतर ती सुरू करायला सरकारची मंजुरी लागते आणि चार वर्षांहून जुन्या घटनेबद्दल ती करता येत नाही. "चार वर्षं झाली, आता काही होत नाही" हे वाक्य तिथूनच आलं आहे. फौजदारी खटल्याला ते लागू नाही. कलम १३ ला ४ ते १० वर्षांची शिक्षा आहे, आणि ३ वर्षांहून जास्त शिक्षेच्या गुन्ह्याला मुदतीचं बंधन नसतं.

विदर्भात हे फक्त कमरेएवढ्या खड्ड्यांपुरतं नाही. गोसीखुर्द धरणाचं भूमिपूजन १९८८ चं, मूळ अंदाज ३७२ कोटींचा. २०१२ मध्ये जनमंच या संस्थेने नागपूर खंडपीठात जनहित याचिका केली. पुढे सिंचनाच्या कामांवर लाचलुचपतने गुन्हे नोंदवले, तोवर आरोपी अभियंत्यांपैकी कितीतरी निवृत्त झाले होते. विहीर असो की धरण, परवानगीचं कलम तेच आणि दिवस तेवढेच.

चार महिने उलटले आणि निर्णय नाही, तर नागपूरला जाताना हे बरोबर घ्या: तक्रारीची शिक्का मारलेली प्रत, गुन्हा नोंदला असेल तर एफआयआरची प्रत, त्या वेळच्या पदाचा आदेश, आणि प्रस्ताव पोचल्याच्या तारखेचं माहिती अधिकारातलं उत्तर मूळ प्रतीत. झेरॉक्सचे तीन संच आधीच काढून ठेवा, हायकोर्टासमोर गर्दी असते. काकाजींनी हे सगळं त्याच कापडी पिशवीत नेलं होतं. वकिलांनी सुतळी सोडली, बाकी काही न पाहता आधी आवक तारखेचा कागद बाहेर काढला आणि बोटांवर महिने मोजले.